‘ब्युटिफुल, दादा’ म्हणणाऱ्या निर्मात्यापासून सावध

माहितीपटाला संगीत द्यायचं काम देतो म्हणून एका खोट्या निर्मात्यानं मला लुटलं. आधी आकडे सांगतो, शिव्या नंतर. ‘आंतरराष्ट्रीय कॉपीराइट नोंदणी’चे १७,७०० रुपये. ‘ई अँड ओ विम्या’चे २६,५००. ‘आगाऊ टीडीएस’चे ४८,०००. परदेशातून पैसा सोडवून घेण्याचे ३४,८००. झाले १,२७,०००. शिवाय नागपूरच्या स्टुडिओचे १६,००० आणि वादकांचे २५,५०० मी खिशातून दिले. एकूण १,६८,५००. सुरुवातीला त्यानं मला १५,००० पाठवले होते. ते यातून वजा करायचे की नाही, हे आता परराज्यातलं एक पोलीस ठाणं ठरवणार आहे. त्याची कथा वेगळीच आहे, येतो तिच्यावर.

लॉटरीच्या मेसेजला भुलणाऱ्यांचंच असं होते, असं ज्यांना वाटते त्यांनी जरा थांबावं. मी काही काल पेटी हातात घेतलेला पोरगा नाही. वडशाच्या नाटक कंपन्यांत ऑर्गन वाजवत मोठा झालो. रात्री दहाला पडदा वर गेला की उजाडेपर्यंत बोटं उचलायची नाहीत, ही आमची झाडीपट्टीची, म्हणजे पूर्व विदर्भातल्या रंगभूमीची, शाळा. दंडार, खडीगंमत, गोंधळ, सगळं कानावरून गेलेलं. पुढं नागपूरची काही मुलं मालगुजारी तलावांवर माहितीपट काढत होती, त्यांना पार्श्वसंगीत करून दिलं. मग कोणी मोहफुलांवर काढला, कोणी तेंदूपत्त्यावर, कोणी मेंढा-लेखाच्या वनहक्कांवर. कामं येत गेली. अर्ध्या तासाच्या माहितीपटाचे कधी ८,००० मिळाले, कधी २५,०००, आणि कधी नुसतं ‘सर, श्रेयनामावलीत नाव टाकलं’. वैनगंगेकाठच्या गावात धान्याच्या कोठीशेजारच्या खोलीत गाद्या लावून मी हा धंदा करतो. व्यवहार मला समजतो, हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे जो तो मला हेच ऐकवणार आहे.

ऑगस्ट २०२४ मध्ये व्हॉट्सॲपवर मेसेज आला. एका माहितीपटाच्या यूट्यूब पानावर संगीतकार म्हणून माझं नाव आणि खाली नंबर होता, तो तिथूनच उचललेला. (नंबर काढून टाका. ईमेल ठेवा, तोही वेगळा.) बोलणारा अगदी आपल्यातला. ‘काय करून राहिले, भाऊ?’ अशी सुरुवात. म्हणे मूळचा नागपूरचा, आता अंधेरीला असतो, सावजीची आठवण येते. झाडीपट्टीचे नट परशुराम खुणेंना २०२३ ला पद्मश्री मिळाल्याचं त्याला माहीत होतं, शंकरपट (बैलांची शर्यत) आणि मंडई (दिवाळीनंतरची जत्रा) माहीत होती, वडशाला गाड्या कुठं लागतात हेसुद्धा माहीत होतं. विदर्भाच्या पाणपक्ष्यांवर सहा भागांची मालिका, पैसा परदेशी सहनिर्मात्याचा, ओटीटीशी बोलणं झालेलं. संगीताचं मानधन ४,८०,०००. म्हणजे भागाला ८०,०००. मुंबईच्या हिशेबानं हा आकडा फार मोठा नाही, आणि तिथंच तो हुशार निघाला. चाळीस लाख म्हणाला असता तर मी फोनच ठेवला असता.

दुसऱ्याच दिवशी पहिल्या भागाचा ५२ मिनिटांचा रफ कट, म्हणजे कच्चं संकलन, आला. खाली वेळ दाखवणारा टाइमकोड चालू, ठिकठिकाणी टेम्प, म्हणजे तात्पुरतं, संगीत टाकलेलं. सारसाची जोडी धानाच्या बांधीत उतरते, तो शॉट बघून माझ्या अंगावर काटा आला. आज सांगतो, तो कट दुसऱ्याच कुणाच्या मेहनतीचा होता. उजव्या कोपऱ्यात एक अंधूक चौकोन होता. मला वाटलं, चॅनेलचं चिन्ह झाकलं असेल. झाकलं होतं खरंच, पण खऱ्या मालकाचं. कोणी असा कट पाठवला तर कॅमेरामनशी, संकलकाशी बोलायला मागा. माहितीपट एकटा माणूस बनवत नाही. ज्या युनिटमध्ये एकाच माणसाचा फोन लागतो, ते युनिट नसतेच.

करार आला, सही केली, आणि लगेच माझ्या खात्यात १५,००० जमा झाले. आता मला शहाणपण शिकवणाऱ्यांनी सांगावं, चोर आधी पैसे देतो का? माझ्या पाहण्यात तरी देत नव्हता. त्या पंधरा हजारांच्या भरवशावर मी वडशाच्या कंपनीला सीझनसाठी नाही म्हणून कळवलं. भाऊबीजेपासून होळीपर्यंतचा सीझन म्हणजे आमच्याकडे वर्षाची भाकर. तो आकडा वरच्या हिशेबात धरलेला नाही, धरला तर झोप लागत नाही.

मग एकेक चिठ्ठी निघू लागली. पहिली कॉपीराइटची. १५,००० अधिक १८ टक्के जीएसटी, १७,७००, रीतसर बिलासह. बिलावर पत्ता अंधेरीचा आणि जीएसटी क्रमांकाची सुरुवात ०९ नं. महाराष्ट्राचा क्रमांक २७ नं सुरू होतो, ०९ उत्तर प्रदेशचा. मी ते पाहिलं नाही असं नाही. पाहिलं, आणि हेड ऑफिस नोएडाला असेल असं मनाशीच ठरवून टाकलं. तुम्ही ठरवत बसू नका. जीएसटीच्या पोर्टलवर तो क्रमांक टाकला की कोणाच्या नावावर आहे ते फुकट दिसते. मी खूप उशिरा टाकला, तर नाव निघालं टाइल्सच्या एका दुकानाचं.

आणि ‘आंतरराष्ट्रीय कॉपीराइट नोंदणी’ नावाची चीजच अस्तित्वात नाही. चाल बांधून लिहिली किंवा रेकॉर्ड केली की हक्क निर्माण होतो, नोंदणीची सक्तीसुद्धा नाही. भारत १९२८ पासून बर्न करारात आहे, त्यामुळे सदस्य देशांत तो हक्क आपोआप मानला जातो. पुराव्यासाठी नोंदणी करायचीच असेल तर कॉपीराइट कार्यालयात संगीतरचनेला ५०० रुपये लागतात, ध्वनिमुद्रणाला २,०००. घरी बसून ऑनलाइन होते. मी १७,७०० दिले.

दुसरी चिठ्ठी विम्याची. ‘एरर्स अँड ओमिशन्स’ हा विमा खरा असतो. चित्रपट वितरणाला देताना कुणी हक्कभंगाचा दावा ठोकला तर संरक्षण म्हणून तो काढतात. पण तो निर्माता काढतो. संगीतकाराच्या ‘हिश्श्याचे’ २६,५०० वगैरे काही नसते. खोट्यात एक खरा शब्द पेरून ठेवायचा, मग माणूस त्या शब्दाचा अर्थ शोधतो, अर्थ बरोबर निघतो, आणि पैसे जातात. मी शोधला होता अर्थ. निघाला बरोबर.

या सगळ्या काळात मी काम करत होतो, तेच जास्त जळते. ढोलकी, टाळ, तुणतुणं, बासरी आणि दंडारीत गाणारे आमचे एक म्हातारे शाहीर, सगळ्यांना गाडी करून नागपूरला नेलं. सारसाच्या प्रसंगाला मी नुसतं तुणतुणं आणि खर्जातला सूर ठेवला होता, मध्ये शाहिरांचा एक हुंकार. माझ्या आयुष्यातला सगळ्यात चांगला क्यू, म्हणजे प्रसंगाचा संगीताचा तुकडा, असेल. पाठवला. पाचच मिनिटांत उत्तर : ‘ब्युटिफुल, दादा.’

प्रसंग बावन्न सेकंदांचा असो की चार मिनिटांचा, उत्तर तेच. ब्युटिफुल, दादा. ग्रेट, दादा. रडवलं, दादा.

चित्रपटाला संगीत देणाऱ्या कुणालाही विचारा, पहिल्या झटक्यात क्यू पास करणारा दिग्दर्शक कधी भेटला का? दिग्दर्शक म्हणजे छळ. ‘इथं रडवू नको.’ ‘बोलणं संपायच्या आधी सूर का आला?’ ‘टेम्पमध्ये जे होतं तसंच दे, पण तसं नको.’ ‘सगळं छान आहे, फक्त हा प्रसंगच कापला.’ नागपूरच्या त्या मुलांनी आठ हजारांत माझा जीव काढला होता. आणि इथं ४,८०,००० देणारा माणूस एकही क्यू परत पाठवत नाही, मिक्सबद्दल अवाक्षर नाही, स्टेम (वाद्यांचे सुटे ट्रॅक) कोणत्या लेव्हलला हवेत ते सांगत नाही, संकलन बदललं म्हणून नवा कट येत नाही! रफ कट होता सेकंदाला २५ फ्रेमचा आणि करारात लिहिलं होतं २४. मीच दोनदा विचारलं, कोणता धरू? ‘तुम्हाला जमेल तो, दादा.’ अरे, जमेल तो? चुकीच्या फ्रेमरेटवर बांधलेलं संगीत ५२ मिनिटांत दोन मिनिटं इकडचं तिकडं होते. ज्याला खरंच चित्रपट पूर्ण करायचा आहे तो असं उत्तर देऊच शकत नाही. तिथं माझे कान टवकारायला हवे होते. पण ज्या माणसाला वर्षानुवर्षं ‘म्युझिक जरा खाली घ्या, निवेदन ऐकू येत नाही’ एवढीच दाद मिळाली, त्याला कुणी रोज ब्युटिफुल म्हटलं तर तो काय करेल? तुम्ही काय केलं असतं? मी पुढचा क्यू आणखी जीव लावून केला.

मग नोव्हेंबरमध्ये फोन आला. ‘दादा, पेमेंट मंजूर झालं. फक्त टीडीएस आधी भरावा लागतो, दहा टक्के, ४८,०००. परदेशी पेमेंटचा नियम आहे. भरला की तिसऱ्या दिवशी पूर्ण ४,८०,००० खात्यात.’

टीडीएस. देणारा कापून घेतो तो टीडीएस. मला आजवर ज्या ज्या संस्थेनं मानधन दिलं त्यातल्या कित्येकींनी कलम १९४जे खाली दहा टक्के कापूनच दिलं. दर जुलैत मी २६एएस, म्हणजे कापलेल्या कराचा उतारा, उघडून बघतो, कोणी कापून भरला नाही त्याच्याशी भांडतो. म्हणजे हा कायदा मला पाठ होता! बायको चुलीजवळून म्हणाली, ‘ज्याले पैसे द्यायचे हायेत, तो पैसे मागते कायले?’ मी तिला म्हटलं, हे इंटरनॅशनल आहे, तुला यातलं समजत नाही. तिला समजलं होतं. पण माझंही ऐका. तोवर ४४,२०० गेले होते, सीझन गेला होता, वादकांना पैसे देऊन झाले होते. त्या जागी थांबणं म्हणजे ते सगळं बुडालं असं स्वतःच जाहीर करणं. ४८,००० भरले तर ४,८०,००० येतात, नाही भरले तर काहीच नाही, असा तो हिशेब होता. हे लोक रक्कम वाढवत नेतात ती याचसाठी. ३०,००० मी नव्या मायक्रोफोनसाठी ठेवले होते, १८,००० साळ्याकडून घेतले.

पुढचे ३४,८०० सांगायलाही लाज वाटते. ‘रेमिटन्स क्लिअरन्स’ म्हणे. धान नुकतंच निघालं होतं. हमीभाव २,३०० होता, पण केंद्रावर माल घातला तर पैसे कधी येतील नेम नाही, आणि मला दोन दिवसांत हवे होते. व्यापाऱ्याला १,९५० नं अठरा क्विंटल दिलं. ३५,१०० आले. त्या निर्मात्याला पाठवल्यावर ३०० उरले. प्रत्येक वेळी खातं वेगळं, नाव वेगळं, शाखा वेगळ्या राज्यातली. विचारलं तर ‘अकाउंट्सवाले बघतात, दादा’.

जानेवारीत त्याचा फोन बंद. मग आमच्या सरकारी यंत्रणेचा सीझन सुरू झाला.

सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, १९३० वर, फोन लावला. लागला तेव्हा पहिला प्रश्न, पैसे कधी गेले? शेवटचे डिसेंबरात, म्हटलं. ‘मग आता खात्यात काय राहिलं असेल, साहेब?’ हे मात्र खरं आहे, त्यामुळे लक्षात ठेवा : पैसे गेल्याचा संशय आला त्याच तासाला १९३० लावा, खात्री करत बसू नका. पैसा एका खात्यातून चार खात्यांत पळायच्या आत अडवला तरच अडतो.

तालुक्याच्या ठाण्यात गेलो. संगीत म्हटल्यावर आधी वाटलं, गणपतीच्या डीजेची तक्रार घेऊन आलो. समजावलं. हवालदार म्हणतात, ‘तुमी संगीत देल्लं, त्यानं तुमाले पंधरा हजार देल्ले. मंग फसवनूक कुठी झाली? हा तं धंद्यातला वाद आहे, कोर्टात जा.’ मी टीडीएसचं सांगितलं. ‘टॅक्सचं आहे तं इन्कम टॅक्सवाल्याइकडे जा.’ दुसऱ्या दिवशी म्हणाले, माहिती-तंत्रज्ञान (आयटी) कायद्याचा तपास निरीक्षक दर्जाच्या खालच्याला करता येत नाही, आणि साहेब बंदोबस्तात आहेत. तिसऱ्यांदा म्हणाले, कंपनी अंधेरीची, तक्रार मुंबईला द्या. मुंबईला फोन केला तर पैसे तुमच्या गावातून गेले, तिथंच द्या. अरे, मग झीरो एफआयआर कशासाठी काढला? भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये लिहिलं आहे की गुन्हा कुठल्याही हद्दीत घडो, माहिती नोंदवून घ्यायची. फसवणुकीला न्याय संहितेच्या ३१८(४) खाली सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. आधी चौदा दिवस प्राथमिक चौकशी करायची सवलत सात वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यांना आहे, याला नाही. हे मला कुणी साहेबांनी नाही सांगितलं, तालुका विधी सेवा समितीत बसणाऱ्या एका वकील बाईंनी फुकट सांगितलं. विधी सेवेचा नंबर १५१०० आहे, वापरा. ठाण्यात नोंद घेतली नाही तर त्याच कलमाप्रमाणे पोलीस अधीक्षकांना लेखी पाठवायचं, पोस्टानं. ते झाल्यावर पुढं न्यायदंडाधिकारी. अधीक्षकांकडे अर्ज गेल्यावर आमच्या ठाण्याला अचानक आठवलं की ही फसवणूकच आहे. नोंद झाली. पुढं काय? पुढं ‘तपास सुरू आहे’.

कळस त्यानंतर झाला. फेब्रुवारीत एटीएममधून पैसे निघेनात. बँकेत गेलो तर माझं खातं गोठवलेलं. का? तर सुरुवातीला मला आलेले १५,००० हे परराज्यातल्या दुसऱ्या कुठल्या फसलेल्या माणसाचे होते. त्यानं १९३० ला तक्रार केली, पैशाचा माग माझ्यापर्यंत आला, आणि संशयितांच्या यादीत मी! म्हणजे आमच्या ठाण्यात मी फिर्यादी आणि तिकडच्या ठाण्यात लाभार्थी. शाखाधिकाऱ्यांना माझी तक्रार दाखवली. ते म्हणाले, त्या ठाण्याचं ना हरकत पत्र आणा. बरं, वाद १५,००० चा, तेवढीच रक्कम अडवा, सगळं खातं कशाला? ‘सिस्टीममध्ये तसंच आलंय.’ त्या ठाण्याला ईमेल केला, फोन केला. तिकडची भाषा मला येत नाही, माझी हिंदी त्यांना झेपत नाही. ‘यहाँ आ जाओ.’ कशानं जाऊ, गोठलेल्या खात्यानं? २४ फेब्रुवारीला पीएम किसानचे २,००० आले, तेही तिथंच अडकले. चोराची खाती रिकामी होऊन मोकळी, आणि एका फिर्यादीचं खातं मात्र पक्कं बंद. असं काम सरकारला किती चटकन जमते बघा.

तेव्हा अनोळखी निर्मात्याचा आगाऊ पैसा घेताना तो कंपनीच्या खात्यातून, करारातल्याच नावानं आला का ते तपासा. माझे १५,००० एका बाईच्या नावानं यूपीआयवरून आले होते. आणि कामाच्या पैशांसाठी वेगळं खातं ठेवा, घर चालते त्या खात्याचा क्रमांक कुणाला देऊ नका. मी आता पोस्टात उघडलं.

राहिलं माझं संगीत. स्टेमसकट सगळं त्याच्याकडे आहे. करारात ‘संपूर्ण विश्वात, अनंत काळासाठी, रॉयल्टीसह सर्व हक्क’ असं लिहून घेतलं आहे. वकील बाई म्हणाल्या, रॉयल्टीचं ते कलम टिकत नाही. मोबदला घेऊन संगीताचे हक्क निर्मात्याला लिहून देता येतात हे खरं, पण २०१२ च्या दुरुस्तीपासून थिएटरबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीतला आपला वाटा आपल्याला सोडूनच देता येत नाही, वारस आणि कॉपीराइट सोसायटी सोडून कुणाला लिहून देता येत नाही. इथं तर मोबदलाही नाही आणि निर्माताही नाही. आता मी ५०० रुपये भरून सारसाचा तो क्यू नोंदवायला टाकला आहे. तुम्ही मात्र पैसे हाती येईपर्यंत स्टेम देऊ नका. पाहायला कमी दर्जाची फाइल द्या, मध्ये आवाजात ‘नमुना’ असं बोलून ठेवा. खऱ्या दिग्दर्शकाला त्याचा राग येत नाही.

तो ५२ मिनिटांचा कट परवा भंडाऱ्याकडच्या एका बासरीवाल्याला आला. नंबर नवा, माणूस नवा, शॉट तेच. सुरुवातीला तलावावर धुकं, टाइमकोड ०१:००:००:०० पासून, उजव्या कोपऱ्यात अंधूक चौकोन. कुणाला आला असेल तर पुढं पाठवत सुटू नका, पाठवताना फाइल दबते आणि मूळ माहिती जाते. मूळ फाइल, चॅट आणि यूपीआयच्या पावत्या आहे त्याच फोनमध्ये ठेवा, फोन बदलू नका, विकू नका. साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र देताना तो कामी येतो. मी माझा फोन जानेवारीत दुरुस्तीला दिला होता, त्या दुकानदारानं रीसेट मारला, आणि ठाण्यात आता मला विचारतात, सप्टेंबरचे मेसेज कुठं आहेत.